आभाळाचा हात

भाईंदर पूर्व
गुरुवार, ९ जानेवारी २०२५

प्रिय हरिश्चंद्र,

परवा तुझ्या सुनेने फोन तुझ्या कानाला लावला. मी घसा फाडून विचारत होतो, आपल्या जहाजावरचा चिनी सुतार, लाम, नक्की काय म्हणाला होता? आणि तू म्हणालास, "हो हो, आंबा मोहरलाय." पंचवीस वर्षं जहाजाच्या इंजिनाशेजारी उभं राहून कान घालवलेस आणि आता म्हातारपणी मला पत्र लिहायला लावलंस. अक्षराला हसू नकोस. सातवी पास माणूस आहे मी.

सोमवारी दुपारी आमच्या घरी आभाळाचा हात पडला. मला पडला.

नीट सांगतो. लामने मला दिलेला तो माहजाँगचा संच अजून आहे. एकशे चव्वेचाळीस सोंगट्या, तोंड हाडाचं, पाठ बांबूची. जहाज सोडल्यावर मी तो खेळ, सोंगट्यांची रमी म्हणून, तुझ्या वहिनीला शिकवला, मग शेजारच्या सुभाषला आणि नऊ वर्षांपूर्वी जिजाबाईला. जिजाबाई म्हणजे खारीगावातली. वीस वर्षं आमच्या बिल्डिंगीत मासळीची पाटी घेऊन यायची. गुडघे गेले, पाटी सुटली, पण जिने सुटले नाहीत. आता दुपारी खेळायला येते. तिला अक्षर येत नाही, पण चिनी आकड्यांपुढे आम्ही तरी कोण मोठे शिकलेले?

सोमवारी चौघांनी पालथ्या सोंगट्या रचून चार भिंती लावल्या. सुरुवात माझी होती. मी चौदा उचलल्या आणि लावायला बसलो. हरी, मी लावत नव्हतो, त्या लागत होत्या. बांबूचा एक्का, दुर्री, तिर्री, असं करत थेट नव्वीपर्यंत. तीन लाल ड्रॅगन. आणि पूर्वेच्या वाऱ्याची जोडी. एकही सोंगटी बदलायची नाही, एकही टाकायची नाही. डाव सुरू व्हायच्या आधी डाव संपला. लाम म्हणायचा तो आभाळाचा हात.

मी ओरडलो नाही. सोंगट्या उघड्या ठेवल्या आणि तुझ्या वहिनीकडे पाणी मागितलं. सुभाषने टाळी वाजवली. जिजाबाई हसून म्हणाली, "बगा, पडला का न्हाय? रोज रडता, मना काय पडत न्हाय, मना काय पडत न्हाय." मला तिचं ऐकू येत होतं, पण लांबून.

आमच्या मुलाने, यतीनने, मोबाईलवर हिशेब काढला. रोज दहा डाव मांडले तर असा हात नव्वद वर्षांत एकदा येतो. त्याला मजा वाटली. मला घाम फुटला. कारण मला लाम आठवत होता. डेकवर बसून, तीन वेळा समुद्रात थुंकून तो म्हणाला होता की आभाळाचा हात पडला की माणसाचं उरलेलं सगळं दैव एका घासात संपतं. वर्ष निघत नाही. असंच म्हणाला होता ना? की मी काही वेगळं ऐकलं?

विचारायचं कारण असं की २८ तारखेला माझ्या हृदयाची झडप बदलायची आहे. काशीमीऱ्याच्या पुढे हॉस्पिटल आहे, तारीख मिळाली आहे. डॉक्टर म्हणाले शंभरातले शहाण्णव ठणठणीत घरी जातात. मी तेव्हापासून उरलेल्या चौघांचाच विचार करतोय. आता तर दैवच शिल्लक नाही. लगेच उत्तर टाक. स्पीड पोस्टने टाक.

तुझा
शशिकांत


देवगड
१७ जानेवारी २०२५

शशा मेल्या,

पत्र वाचलं. दोनदा वाचलं, कारण तुझं अक्षर. आधी एक सांग, पेढे कुठे आहेत? मी अकरा वर्षं लामबरोबर खेळलो, चिनी खलाशांच्या वस्त्यांत खेळलो, जिंकण्यासाठी कधी जेवण सोडलं, कधी झोप सोडली, पण आभाळाचा हात डोळ्यांनी बघितला नाही. तुझ्या बैठकीच्या खोलीत, चहाच्या टेबलावर तो उतरला! पत्र हातात घेऊन मी अंगणात जाऊन उभा राहिलो. सून विचारायला लागली, कोण गेलं का.

लाम तसंच म्हणाला होता. खोटं सांगणार नाही. पण लाम असंही म्हणायचा की खेळताना पाठीमागे पुस्तक घेतलेला माणूस उभा राहिला तर हार ठरलेली, आणि आपला रेडिओ ऑफिसर रोज पुस्तक घेऊन उभा असायचा, तरी लाम रोज जिंकायचा. ते तुला आठवत नाही. तुला फक्त भ्यायचं तेवढं आठवतं. वादळात तू लाइफ जॅकेट घालून झोपायचास, आणि वादळ गेल्यावरही तीन दिवस घालायचास.

आता मला खेळणाऱ्यासारखं उत्तर दे. फासे कोणी टाकले? भिंत कुठून फोडली, पहिली सोंगटी कुठून उचलली? तुझ्या चौदा सोंगट्या ज्या भिंतींतून आल्या त्या कोणी रचल्या होत्या? सगळं लिही. ऑपरेशनला जा. नवी झडप बसवून ये आणि मग वाद घाल.

हरिश्चंद्र


भाईंदर पूर्व
गुरुवार, २३ जानेवारी २०२५

प्रिय हरिश्चंद्र,

तू हसतोस. हस. मी तारीख रद्द केली.

यतीनला सांगितलं, खोकला आहे, खोकल्यात भूल देत नाहीत. खोकला थोडा आहेच. डॉक्टरांनी पुढची तारीख विचारली तर म्हणालो, कळवतो. तुझ्या वहिनीने नुसती भांडी आपटली. मला माझं कळतं रे. एका बाजूला डॉक्टर म्हणतात, झडप दगडासारखी झालीय, दोन जिने चढून मला धाप लागते. दुसऱ्या बाजूला तो हात. तू वर्तमानपत्रातलं भविष्य म्हणशील तर मीही त्यावर विश्वास ठेवत नाही, म्हणजे रोज ठेवत नाही. पण हे कागदावर छापलेलं नव्हतं. हे माझ्या पुढ्यात येऊन बसलं होतं. नव्वद वर्षांतून एकदा उघडणारं दार माझ्यासाठी उघडलं, मी आत बघितलं, आणि आता म्हणू की काही बघितलं नाही?

पंधरा दिवस झाले, मी टेबलाला हात लावलेला नाही. जिजाबाई रोज येते, दारातून विचारते, "शशीभाऊ, आज तरी?" मी म्हणतो, बरं वाटत नाही. ती उभी राहते, मग जाते.

तुझ्या प्रश्नांचं उत्तर. फासे आमच्याकडे नाहीत, पाच वर्षांपूर्वी घर रंगवताना हरवले. तेव्हापासून भिंत जिजाबाई फोडते. वयाने सर्वांत मोठी, म्हणून नारळ फोडायचा मान तिचा, असं मीच गमतीत ठरवलं होतं. ती जिथे बोट ठेवेल तिथून डाव सुरू. भिंती ज्याच्या त्याने रचायच्या, फक्त सुभाषचे हात कंपवाताने हलतात, म्हणून त्याची भिंतही जिजाबाईच रचते. तुझ्या मनात काय आहे ते कळलं मला. लाज वाटू दे. त्या बाईचं खेळात लक्षसुद्धा नसतं. सोंगटी उचलताना ती खिडकीबाहेर बघत असते. मी तिला किती वेळा टोकलं आहे, "जिजाबाई, खेळ इथे आहे, बाहेर फक्त टँकर आहे." ती काय कोणाला फसवणार!

शशिकांत


भाईंदर पूर्व
२४ जानेवारी २०२५

हरिश्चंद्र भावोजींना मनोरमाचा नमस्कार.

मी लिहिलेलं ह्यांना माहीत नाही, आणि कळू देऊ नका. ह्यांनी तुम्हाला खोकल्याचं सांगितलं असेल. काल मंडईतून येताना हे कंपाउंडच्या भिंतीला धरून उभे राहिले. वॉचमन धावत आला, "अंकल, बैठ जाओ." हे त्यालाच विचारतात, "मेरा चेहरा कैसा दिखता है?" डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले की होळीपर्यंत थांबायची सोय नाही.

मी चाळीस वर्षं ह्यांची भीती सांभाळते आहे. गॅस बंद आहे का, लिफ्ट अडकेल का. ती भीती छोटी होती. ही मला उचलवत नाही. तुमचं हे ऐकतात. त्या लाम सुताराचं बोलणं उलटं होतं, असं लिहा. त्या हाताने आयुष्य वाढतं, असं लिहा. खोटं असलं तरी चालेल.

मनोरमा


देवगड
२९ जानेवारी २०२५

शशा,

तुला बरं वाटेल असं एक पत्र मी लिहिलं होतं. लाम म्हणाला होता की आभाळाचा हात बघणारा शंभरी गाठतो, वगैरे. पाकीट चिकटवलं आणि मग फाडलं. तू घाबरट आहेस, पण तुझी आठवण पक्की आहे, तू ते पत्र पहिल्या ओळीला पकडलं असतंस.

म्हणून जे खरं आहे आणि तुला माहीत नाही ते लिहितो. लामने तो संच तुला का दिला? तुला वाटतं तू त्याला तापात पेज करून घातलीस म्हणून. पेज होतीच. पण त्याने मला जे कारण सांगितलं ते वेगळं होतं. तो म्हणाला, हरी, प्रत्येक सोंगटीच्या पाठीवर बांबूच्या रेषा आहेत आणि दोन बांबू सारखे नसतात. माझ्या डोळ्यांनी आता या पाठी शिकून घेतल्या. मला नको असलं तरी दिसतं. जो आधीच बघतो त्याने खेळू नये. शशाला देतो, त्याचे डोळे फक्त स्वतःच्या सोंगट्यांवर असतात, तो पाठी कधीच शिकणार नाही.

तुला राग येईल म्हणून मी हे चाळीस वर्षं बोललो नाही.

आता मी विचारतो आणि तू लाज वाटू दे म्हणू नकोस. दोन भिंती एका बाईच्या हातच्या. फोडायची जागा तिच्या बोटाची. आणि ती बाई सोंगटी उचलताना खिडकीबाहेर बघते. खेळात लक्ष नाही म्हणून बघते, की न बघण्यासाठी बघते? सोंगट्या पालथ्या मांड आणि तिला बोलाव. भांडू नकोस. फक्त विचार.

हरिश्चंद्र


भाईंदर पूर्व
गुरुवार, ६ फेब्रुवारी २०२५

प्रिय हरी,

मी तीन दिवस हे पत्र लिहायचा प्रयत्न करतोय.

रविवारी दुपारी गॅलरीजवळ चटई घातली, तिथे उजेड चांगला येतो. सगळ्या सोंगट्या पालथ्या मांडल्या. सुभाषला बसवलं. जिजाबाई आली, चटईकडे बघितलं आणि तिच्या तोंडावरचं हसू गेलं. मी तुझं पत्र तुझ्या वहिनीला वाचायला दिलं होतं, ते तिने जिजाबाईला मोठ्याने वाचून दाखवलं. लामचं, पाठींचं, सगळं.

जिजाबाई हळूच खाली बसली, गुडघे धरून. मग बोट ठेवलं. "ह्यो पाखरू." उलटली. बांबूचा एक्का, ज्यावर पक्षी असतो तो. "ह्यो उत्तरचा वारा." उलटली. उत्तर. "ह्यो चाक. ह्यो पन चाक, पन ह्याची पाठ वाकडी हाय. ह्यो कोरा. ह्ये तीन बांबू." हरी, ती थांबली नाही. मासळीच्या पाटीवर हात फिरावा तसा तिचा हात फिरत होता, आणि बोटाखाली सोंगट्या स्वतःचं नाव सांगत होत्या. सुभाषने ऐंशीपर्यंत मोजल्या आणि मग मोजायचं विसरला. एकदाच चुकली. उलटून बघितलं आणि स्वतःवरच चिडली, "ही मेली नेमी फसवते मना."

खाली टँकर आला होता, लोक भांडत होते, पण आमच्यातलं कोणी खिडकीकडे वळलं नाही. चार दशकं हा संच माझ्या कपाटात आहे. मी तो पुसला, उन्हात ठेवला, मुलांना हात लावू दिला नाही. आणि मला त्याची पाठ दिसली नाही. जिला अक्षर येत नाही तिने सगळा ग्रंथ बाहेरून वाचला होता.

सुभाष म्हणाला, "म्हणजे नऊ वर्षं तुम्हाला सगळं दिसत होतं? माझं पण?"

"दिसत व्हतं."

"मग जिंकत का नाही? तुम्ही तर आमच्यापेक्षा जास्त हरता!"

ती म्हणाली, "पयल्या वर्सी दोन डाव घेतले तसे. घरी गेले, मना ज्येवण जाईना. तवापासून सोंगटी उचलायची तं भायेर बगते. हात काय ते जानत न्हाय, डोले जानतात. मंग डोले भायेर ठेवायचे."

मग मी विचारलं, तो हात.

ती रडायला लागली. म्हणाली, मला ऑपरेशनची भीती वाटत होती ते तिला दिसत होतं. रोज मी म्हणायचो, माझं नशीबच नाही. तिला वाटलं, एकदा असा डाव पडू दे की मला वाटेल, देव माझ्या बाजूने आहे, आणि मी छाती काढून हॉस्पिटलात जाईन. घरी चुलीपुढे तिने पोळपाटावर बटणं मांडून तालीम केली. कुठून फोडलं की कोणती सोंगटी कुणाकडे जाते ते मोजलं. चार वेळा प्रयत्न केला. एकदा माझे तीन लाल ड्रॅगन सुभाषकडे गेले आणि तो जिंकला. "तुमी पानी मागितलंत, मना वाटलं आनंदानं," ती म्हणाली. "मना काय म्हाईत, तुमच्या चिन्यान काय सांगून ठेवलाय!"

तुला माझा स्वभाव माहीत आहे. एवढं ऐकूनही मी म्हणालो, "जिजाबाई, कसा का असेना, हात पडला तो पडलाच. लाम असं कुठे म्हणाला, की कोणी मुद्दाम पाडला तर मोजत नाही?"

तेव्हा ती रागावली. खरंच रागावली. दोन्ही तळवे माझ्यापुढे धरले, मासळीच्या काट्यांनी आणि कोयत्याने चिरलेले, आणि म्हणाली, "आभालातून न्हाय पडला, शशीभाऊ. ह्या हातांतून पडला. आभालाला काय पडलीय तुमची? मना पडलीय."

मी त्या हातांकडे बघत राहिलो. नव्वद वर्षांतून एकदा घडणारी गोष्ट माझ्यासमोर घडली म्हणून मी भ्यालो होतो. ही गोष्ट किती वर्षांतून एकदा घडते, हे यतीनच्या मोबाईललाही काढता येणार नाही. सगळं दिसणारं कोणीतरी नऊ वर्षं माझ्या टेबलाशी बसलं होतं आणि माझ्या सोंगट्यांकडे न बघण्यासाठी खिडकीतून टँकर बघत होतं. आणि मी त्या माणसाला म्हणत होतो, तुमचं लक्ष नाही.

तुझ्या वहिनीने चहा केला. कोणी प्यायलं नाही, मग सगळ्यांनी गार प्यायला.

यतीनला सांगितलं, खोकला गेला. १८ तारीख मिळाली आहे. भीती गेली असं लिहीन तर ते खोटं होईल. भीती आहे, पण आता ती फक्त त्या चौघांची आहे. तेवढी मला सवयीची आहे.

तुझा
शशिकांत


देवगड
१३ फेब्रुवारी २०२५

शशा,

तुझं पत्र मी सुनेकडून मोठ्याने वाचून घेतलं. मला ऐकू येत नाही, पण मला ते कुणाच्या तरी तोंडून निघताना बघायचं होतं.

लामने पाठी ओळखल्या आणि खेळ सोडला. आम्ही त्याला मोठा माणूस म्हणायचो. तुझ्या जिजाबाईने पाठी ओळखल्या आणि खेळ सोडला नाही, तुमच्याबरोबर बसून राहिली. यातलं अवघड काय ते मला आज कळलं. तिला या म्हाताऱ्याचा नमस्कार सांग. वाकून केलेला आहे, हेही सांग.

१८ तारखेला मी कुणाला काही विचारणार नाही. तुझं अक्षर येईल तेव्हा कळेल.

हरिश्चंद्र


भाईंदर पूर्व
गुरुवार, ३ एप्रिल २०२५

प्रिय हरी,

हे माझं अक्षर.

छातीवर मधोमध शिवण आहे, खोकलो तर उशी धरावी लागते, आता खरा खोकला आला तरी कोणी विश्वास ठेवत नाही. आत नेण्याआधी एका कागदावर सही करायची होती. त्यावर काय काय होऊ शकतं त्याची यादी होती. तू ओळखतोस मला, मी अशी यादी तीनदा वाचून प्रत्येक ओळीवर प्रश्न विचारला असता. मी चष्मा काढून ठेवला आणि सही केली. नर्स म्हणाली, "काका, वाचलंत का?" मी म्हणालो, नाही. तुझ्या वहिनीने माझ्याकडे असं बघितलं, जसं काही दुसऱ्याच कुणाला आत नेतायत.

परत आल्यावर एक अडचण उभी राहिली. खेळायचं कसं? सुभाष म्हणाला, त्याला काही हरकत नाही. मलाही नव्हती. पण जिजाबाई म्हणाली, ती येऊन बसेल, खेळणार नाही. आता आम्हाला माहीत आहे, म्हणून तिला खिडकीबाहेर बघायचीही लाज वाटते.

यतीनने ऑनलाइन नवा संच मागवला. प्लास्टिकचा, पाठी हिरव्या, गुळगुळीत. फासेही आले. लामचा संच मी पेटीत ठेवला. रद्दीत गेलेला नाही, काळजी करू नकोस.

काल पहिला डाव मांडला. जिजाबाईने एक सोंगटी पालथी धरली, उजेडाकडे फिरवली, बोट फिरवलं, नाकाजवळ नेली. दुसरी घेतली. मग तिसरी. "सगल्यांचे चेहरे येकसारखे," ती म्हणाली. आवाज बारीक झाला होता. मला वाटलं, ती घाबरली. "वयनी, मना काय बी दिसत न्हाय."

"आम्हाला कधी दिसत होतं?" तुझी वहिनी म्हणाली.

तिची पाळी आली. खिडकी उघडी होती, पण तिने तिकडे बघितलं नाही. नऊ वर्षांत पहिल्यांदा ती सरळ भिंतीकडे बघत होती. हात पुढे केला, मागे घेतला, आणि एकदम हसायला लागली, लहान मुलीसारखी, पदर तोंडाला लावून. सुभाष ओरडला, "अहो, उचला की!"

तिने सोंगटी उचलली, आणि उलटून बघायच्या आधी कितीतरी वेळ तशीच छातीशी धरून बसली.

तुझा
शशिकांत